मेमरी कार्डाचा सातबारा

बटण दाबलं की टीव्हीवर निळसर अंधार पसरतो आणि त्या अंधारात चौकोनी मनोरे दिसू लागतात. काही ठेंगणे, काही उंच. आपली नजर त्यांच्यावरून तरंगत जाते आणि पाठोपाठ कंपनीचं नाव झळकतं. ज्यांच्या घरी प्लेस्टेशन-२ होता त्यांनी हे दृश्य शेकडो वेळा पाहिलं असेल. पण हे मनोरे घराघरांत वेगळे असतात, ही गोष्ट फार थोड्यांच्या लक्षात आली. आपण कोणते खेळ लावले आणि किती वेळा लावले, याची एक छोटी नोंद हे यंत्र मेमरी कार्डावर ठेवतं आणि त्या नोंदीवरून मनोरे रचतं. जास्त वेळा लावलेल्या खेळाचा मनोरा उंच. कार्ड काढून यंत्र चालू केलं, तर तिथे नुसता अंधार असतो.

यंदाच्या उन्हाळ्यात बदनापूरच्या घरी माळ्यावरचं खोकं खाली काढलं. वर बोटभर धूळ, आत वायरींचा गुंता. यंत्र चालू झालं, मनोरेही उभे राहिले. पुतण्याने तासभर खेळून आपला डाव सेव्ह करायला घेतला आणि हाक मारली, “काका, कार्डात जागाच नाही म्हणतंय. जुनं सगळं डिलीट करू का?”

मी धावत गेलो. त्या कार्डावर त्याच्या बापाचे, म्हणजे माझ्या मोठ्या भावाचे डाव होते, माझेही होते. शाळा-कॉलेजातल्या कित्येक सुट्ट्या तिथे साठलेल्या. काढून टाकण्याआधी मुळात ‘डिलीट’ केल्यावर आत काय घडतं, हे त्याला समजावून सांगावं असं मनापासून वाटलं. त्या दुपारी त्याला जे सांगितलं तेच इथे जरा सविस्तर मांडतो, कारण अशी खोकी अजून पुष्कळ घरांच्या माळ्यांवर आहेत.

प्लेस्टेशन-२ जपानमध्ये मार्च २००० मध्ये आला आणि २०१३ च्या सुमारास त्याचं उत्पादन थांबलं. जगभरात तो पंधरा कोटींहून जास्त विकला गेला. घरगुती खेळयंत्रांमध्ये इतका खप दुसऱ्या कुठल्याच यंत्राचा झालेला नाही. आपल्याकडे तो एवढा टिकला की हैदराबादेत तयार झालेला ‘हनुमान : बॉय वॉरियर’ हा खेळ २००९ मध्ये याच यंत्रासाठी निघाला आणि पुढच्या वर्षी मुंबईत बनलेला ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’ही. या यंत्राच्या अस्सल मेमरी कार्डाची क्षमता मात्र अवघी ८ एम.बी. आजच्या मोबाइलमधले दोन-तीन फोटो ठेवले की संपली. काही खेळांचं पन्नास-शंभर के.बी.त भागतं, काहींना हजाराच्या वर लागतात. त्यामुळे दोन-चार वर्षं खेळणाऱ्या घरात कार्ड भरणार हे ठरलेलंच.

आता डिलीटकडे येऊ. शेतजमीन विकली की काय बदलतं? तलाठ्याकडे फेरफार होतो, सातबाऱ्यावरचं एक नाव कमी होऊन दुसरं चढतं. जमीन जागची हलत नाही. विहीर, बांध, बांधावरची बाभूळ, उभं पीक सगळं तसंच असतं. मेमरी कार्डाचंही असंच आहे. कार्डावर एका बाजूला खेळाची माहिती असते आणि दुसऱ्या बाजूला तिची नोंदवही. कोणती फाइल कोणत्या तुकड्यांत आहे, कोणते तुकडे मोकळे आहेत, हे त्या वहीत लिहिलेलं. आपण फाइल काढून टाकतो तेव्हा यंत्र फक्त वहीत खूण करतं की ही जागा आता मोकळी. माहितीला हातही लागत नाही.

याचं सगळ्यात स्वच्छ उदाहरण पहिल्या प्लेस्टेशनच्या कार्डात सापडतं. ते कार्ड १२८ के.बी.चं. त्याचे १६ भाग केलेले, पैकी पहिला नोंदवहीचा आणि उरलेले १५ खेळाडूचे. वहीत प्रत्येक भागासाठी एक ओळ असते आणि ओळीच्या सुरुवातीला एक संकेतांक. फाइल जिवंत असेल तर तिच्या पहिल्या भागासमोर ‘५१’ असतं आणि डिलीट केली की त्याचं ‘ए१’ होतं. ओळीत बाकी सगळं जवळपास तसंच राहतं, फाइलचं नावसुद्धा. म्हणून असं कार्ड योग्य साधनाने संगणकाला जोडून तो अंक पूर्ववत केला, तर ‘गेलेला’ डाव परत मिळू शकतो. प्लेस्टेशन-२ च्या कार्डातही फाइल अस्तित्वात असल्याची एक खूण असते, डिलीट करताना तीच उतरवली जाते. चुकून काही काढून टाकलं असेल, तर एक गोष्ट लगेच करावी: त्या कार्डावर दुसरं काहीही सेव्ह न करता ते काढून बाजूला ठेवावं. मोकळी दिसणारी जागा पुढच्या सेव्हने खरोखर व्यापली, की मग परतीची वाट बंद.

माहिती खरी पुसली जाते ती नवं लिहिण्यासाठी जागा तयार करताना. आणि इथे शेतीची भाषा माझ्या फार कामी आली. बदनापूरची ओळखच मुळी तुरीच्या वाणांची. इथल्या कृषी संशोधन केंद्राचा बीडीएन-७११ हा वाण मराठवाड्यातल्या शेतकऱ्याला नव्याने सांगावा लागत नाही. पेरणीआधी रान तयार करावं लागतं हे इथल्या पोरांना पुस्तकातून शिकवायची गरज नाही.

कार्डाच्या आत नॅन्ड फ्लॅश जातीची चिप असते. तिच्यात एकेक बिट म्हणजे एकेक अतिसूक्ष्म ट्रान्झिस्टर. ८ एम.बी.चे हिशेबाने ६ कोटी ७१ लाखांहून जास्त होतात. प्रत्येक ट्रान्झिस्टरच्या पोटात एक असा कणाएवढाही नसलेला तुकडा असतो, जो चहूबाजूंनी विद्युतरोधक थराने कोंडलेला आहे. त्याला कुठलीच तार पोहोचत नाही. ‘फ्लोटिंग गेट’ नावाची ही कल्पना १९६७ मध्ये बेल प्रयोगशाळेत डावॉन कांग आणि सायमन झी यांनी मांडली. पुरेसा जास्त दाब दिला की इलेक्ट्रॉन त्या रोधक थरातून पुंजभौतिकीच्या नियमाने आरपार जातात आणि आत अडकून बसतात. आत इलेक्ट्रॉन असले तर बिट ‘०’, नसले तर ‘१’. वीज गेली तरी ते बाहेर पडत नाहीत, म्हणून कार्डाला बॅटरी लागत नाही. भिंतीला दार नाही आणि तरी आत-बाहेर जाता येतं, यातलं नवल मला आजही ओसरलेलं नाही.

या चिपमध्ये ५१२ बाइटची एक सरी धरा. अशा १६ सऱ्यांचा एक वाफा, म्हणजे ८ के.बी. पूर्ण कार्डात असे १,०२४ वाफे. लिहिताना एकेका सरीत लिहिता येतं, पण लिहिणं म्हणजे फक्त १ चा ० करणं. ० चा पुन्हा १ करायचा असेल तर एकटी सरी मोडता येत नाही, अख्खा वाफाच एकदम सपाट करावा लागतो. तोशिबा कंपनीत फुजिओ मासुओका यांनी १९८० च्या दशकात अशी स्मृती घडवली, तेव्हा पूर्ण भाग एका झटक्यात कोरा होताना पाहून त्यांच्या सहकाऱ्याला कॅमेऱ्याचा फ्लॅश आठवला. ‘फ्लॅश मेमरी’ हे नाव तिथून आलं.

शेताशी तुलना इथवरच. नांगरटीने रान सुधारतं. इथे मात्र वाफा मोडण्याच्या प्रत्येक वेळी तो रोधक थर किंचित झिजतो. या पिढीच्या चिप साधारण एक लाख वेळा पुसणं सोसतात. एकाच जागी रोज दहा वेळा लिहिलं तरी २७ वर्षं निघतील. मग भीती कशाला? नोंदवहीची पानं कार्डात ठरलेल्या जागी असतात आणि कुठलाही खेळ सेव्ह केला तरी तीच पुन्हा पुन्हा बदलतात, म्हणून झीज तिथे एकवटते. शिवाय वय. कोंडलेले इलेक्ट्रॉन वर्षानुवर्षं अगदी हळू गळत असतात आणि उष्णतेने ही गळती वाढते. पत्र्याखालचा माळा आणि मराठवाड्यातला मे महिना, हे कार्डासाठी वाईट ठिकाण आहे. कार्ड खाली, कोरड्या आणि थंड कपाटात ठेवा. सरीतल्या दर १२८ बाइटमागे तीन बाइटची तपासणी-नोंद असते, तिच्या मदतीने एखादं बिट उलटलं तर ते दुरुस्त होतं. एकाच तुकड्यात दोन उलटली तर ती पुरेशी नाही.

विजेचंही सांगायला हवं. आम्ही खेळत होतो ते दिवस भारनियमनाचे. वेळापत्रक भिंतीवर लावलेलं असायचं, पण वीज त्याच्या आधीच जायची. एकदा सेव्ह चालू असताना गेली आणि भावाचे दोन महिन्यांचे कष्ट वाया गेले. तो त्या रात्री जेवला नव्हता. पुढे कळलं की कार्डाच्या रचनेत यासाठी तरतूद आहे. वाफा मोडण्याआधी त्यातला मजकूर एका राखीव वाफ्यात उतरवला जातो आणि कोणता वाफा हाताळतो आहोत हेही नोंदलं जातं, म्हणजे मध्येच वीज गेली तरी पुढच्या वेळी तो भरून काढता येतो. पण एक डाव अनेक वाफ्यांत पसरलेला असतो. अर्धे नवे आणि अर्धे जुने राहिले, तर प्रत्येक वाफा धड असूनही डाव बिघडलेलाच. सेव्ह, कॉपी किंवा डिलीट चालू असताना यंत्राला हात लावू नका असं पडद्यावर लिहून येतं, ते यासाठी.

हे सगळं सांगून झाल्यावर आम्ही साफसफाईला बसलो. डिस्क न घालता यंत्र चालू केलं, ‘ब्राउझर’ उघडला, कार्ड निवडलं. प्रत्येक डावाचं एक छोटं त्रिमितीय चित्र हळूहळू फिरत होतं. या चित्रांमागे खेळ बनवणाऱ्यांनी फार प्रेमाने काम केलं आहे. एका डावासाठी तीन चित्रं देता येतात: एक नुसतं पाहताना, एक कॉपी करताना, एक डिलीट करताना. काही खेळांत डिलीटवर गेलं की चित्रातलं पात्र वेगळंच वागायला लागतं. पुतण्या तिथे थबकला. “याला नको काढायला,” म्हणाला.

तारखा पाहून निवड करायचं त्याने सुचवलं, त्याला मी अडवलं. जुन्या यंत्रांत घड्याळासाठी एक नाण्याएवढी बॅटरी असते. ती संपली की घड्याळ २००० सालाकडे मागे जातं. मग कालचा डावही पंचवीस वर्षांपूर्वीचा दिसतो. आमच्या यंत्राचं तेच झालं होतं, त्याचा तासाभरापूर्वीचा डाव सेव्ह झाला असता तर यादीत सगळ्यात जुना ठरला असता. म्हणून तारखेऐवजी आम्ही एकेक खेळ आठवत गेलो. बाजूला दुसरं कार्ड होतं, त्यावर आधी भावाचे डाव उतरवले, ते खरंच उघडतात का ते पाहिलं, मग मूळ कार्डावरून काढले. नव्याने लिहिल्यामुळे त्यातले इलेक्ट्रॉनही ताजे झाले, हा वरचा फायदा.

पुढच्या पिढीच्या प्लेस्टेशन-३ मध्ये कार्डाऐवजी हार्ड डिस्क आली आणि गोंधळ वेगळा झाला. तिथे ‘गेम डेटा’ आणि ‘सेव्ह्ड डेटा’ असे दोन प्रकार दिसतात. गेम डेटा म्हणजे डिस्कवरून उतरवून घेतलेला खेळाचा भाग. तो मोठा असतो, पण काढला तरी डिस्क असेल तर पुन्हा उतरवता येतो. सेव्ह्ड डेटा छोटा असतो आणि तो पुन्हा कुठूनच येत नाही. जागा हवी असेल तर पहिल्यात हात घाला. इंटरनेटवरून विकत घेतलेला खेळ काढताना मात्र दहादा विचार करा. निन्टेन्डोने थ्रीडीएस आणि वी-यूची दुकानं मार्च २०२३ मध्ये बंद केली, एक्सबॉक्स ३६० चं दुकान जुलै २०२४ मध्ये बंद झालं. जुन्या यंत्रावरचा असा खेळ आज परत उतरवता येत असला, तरी कायम येईलच असं नाही.

शेवटी यादीत ‘युअर सिस्टिम कॉन्फिगरेशन’ उरलं. खेळ नाही, ओळखीचं नाव नाही. पुतण्याचं बोट लगेच तिकडे गेलं. पुष्कळ जण हीच फाइल निरुपयोगी समजून उडवतात. पण कोणता खेळ किती वेळा लावला ही नोंद याच फाइलसोबत असते. ती आम्ही ठेवली. सात डाव गेले, त्याचा पहिला डाव सेव्ह झाला. यंत्र बंद करून पुन्हा चालू केलं, तर ज्यांचे डाव आता कार्डावर नव्हते त्यांचेही मनोरे निळ्या अंधारात जसेच्या तसे उभे होते. “यातला बाबांचा कोणता?” त्याने विचारलं. मी सगळ्यात उंच मनोऱ्याकडे बोट दाखवलं.