डॉर्ड

डॉर्ड हा इंग्रजी शब्दकोशात चुकून समाविष्ट झालेला, प्रत्यक्षात अस्तित्वात नसलेला शब्द आहे. जी. अँड सी. मेरियम कंपनीने १९३४ साली अमेरिकेत प्रकाशित केलेल्या ‘वेबस्टर्स न्यू इंटरनॅशनल डिक्शनरी’च्या दुसऱ्या आवृत्तीत पृष्ठ ७७१ वर तो आढळतो. भौतिकशास्त्र व रसायनशास्त्रातील नाम अशी त्याची नोंद असून ‘घनता’ हा अर्थ व उच्चारही दिलेला आहे. केवळ लेखन, वाचन वा मुद्रणातील चुकीतून जन्मलेल्या अशा शब्दांना ‘घोस्ट वर्ड’ (भूतशब्द) म्हणतात. ही संज्ञा भाषाशास्त्रज्ञ वॉल्टर स्कीट यांनी १८८६ मध्ये रूढ केली.

उगम

कोशाचे रसायनशास्त्र संपादक ऑस्टिन पॅटरसन यांनी ३१ जुलै १९३१ रोजी एक चिठ्ठी पाठवली. इंग्रजी ‘डी’ हे अक्षर, मोठ्या किंवा लहान लिपीत, घनतेचे संक्षिप्त रूप म्हणून वापरले जाते, एवढेच तीत सुचवले होते. ‘किंवा’ या अर्थाचा इंग्रजी शब्द ‘ओ’ आणि ‘आर’ या दोन अक्षरांचा आहे. कोशातील मूळ शब्द टंकलिखित करताना त्या काळी अक्षरांमध्ये मोकळी जागा सोडत असत. त्यामुळे ‘डी किंवा डी’ हा मजकूर डी-ओ-आर-डी असा सलग चार अक्षरी शब्द वाटला. चिठ्ठी संक्षेपांऐवजी शब्दांच्या गठ्ठ्यात गेली. पुढे शब्दाची जात ठरली, उच्चार जोडला गेला आणि मुद्रितशोधनातही कोणी शंका घेतली नाही.

शोध व दुरुस्ती

२८ फेब्रुवारी १९३९ रोजी एका संपादकाला या नोंदीत व्युत्पत्ती नसल्याचे आढळले. जुन्या चिठ्ठ्या तपासल्यावर चूक उघड झाली आणि मुद्रणपट्टिका तातडीने बदलण्याचा आदेश देण्यात आला. नोंद काढल्यामुळे रिकामी झालेली जागा भरण्यासाठी शेजारच्या, सोन्या-चांदीचा अशुद्ध मिश्रधातू शुद्ध करणाऱ्या भट्टीच्या नोंदीची व्याख्या थोडी लांबवण्यात आली. कोशाच्या तिसऱ्या आवृत्तीचे संपादक फिलिप गोव्ह यांनी १९५४ साली ‘अमेरिकन स्पीच’ या नियतकालिकात हा इतिहास प्रसिद्ध केला.

महत्त्व

नकल ओळखण्यासाठी काही कोशांत मुद्दाम खोटे शब्द घातले जातात. डॉर्ड मात्र त्या प्रकारचा नाही. तो पूर्णतः अनवधानाने आला. अर्थ आणि उच्चार छापलेला असला, तरी तेवढ्याने शब्द खरा ठरत नाही. तो कोणीतरी प्रत्यक्ष वापरल्याचा दाखला लागतो. कोशरचनेतील हे तत्त्व स्पष्ट करताना डॉर्डचे उदाहरण दिले जाते.