काटा हलत नाही म्हणून चालणं सोडू नका

नांदेडचं स्टेडियम असो की लातूरचं क्रीडा संकुल, जानेवारीत पहाटे चालणाऱ्यांची गर्दी असते आणि होळीच्या आसपास ती ओसरते. थंडी संपली हे एक कारण झालं. दुसरं कारण लोक स्वतःच सांगतात: "दोन महिने चाललो, वजन तर काही कमी होईना बघा. मग कशाला?"

व्यायामाबद्दलचा सर्वांत महागात पडणारा गैरसमज हाच, कारण चालण्याचा फायदा वजनापेक्षा आधी रक्तातल्या साखरेवर दिसतो. इन्सुलिनच्या सांगण्यावरून रक्तातली साखर सर्वांत जास्त कोण उचलत असेल, तर आपले स्नायू. पोटात, यकृतात चरबी साठली की स्नायू इन्सुलिनला दाद देईनासे होतात. स्वादुपिंड मग अधिकाधिक इन्सुलिन सोडत राहतं आणि काही वर्षांनी थकतं. टाइप-२ मधुमेह साधारण असा येतो. इन्सुलिन ही पुढच्या दाराची किल्ली मानली, तर चालताना आकुंचन पावणारा स्नायू साखरेसाठी मागचं दार उघडतो. 'ग्लूट-४' नावाची प्रथिनं पेशीच्या पृष्ठभागावर येतात आणि साखर आत घेतात. त्या वेळी इन्सुलिनची वाट पाहावी लागत नाही. व्यायाम संपल्यावरही पुढचे एक-दोन दिवस स्नायू इन्सुलिनला अधिक चांगला प्रतिसाद देतात. हे घडायला वजन उतरावंच लागतं असं नाही.

याचा भारतीय पुरावा चेन्नईचा आहे. डॉ. ए. रामचंद्रन आणि सहकाऱ्यांनी मधुमेहाच्या उंबरठ्यावरच्या 531 जणांचा अभ्यास करून 2006 मध्ये निष्कर्ष मांडले. सुमारे तीन वर्षांत नेहमीचाच सल्ला मिळालेल्यांपैकी 55 टक्क्यांना मधुमेह झाला. चालणं आणि आहारातले बदल ज्यांनी सांभाळले त्यांच्यात हे प्रमाण 39 टक्के राहिलं. या दुसऱ्या गटाचं वजन म्हणावं तसं घटलंच नव्हतं! अमेरिकेतल्या 2002 च्या मोठ्या अभ्यासात आठवड्याला 150 मिनिटांचा व्यायाम आणि सोबत वजनातली घट, या दोन्हींमुळे धोका 58 टक्क्यांनी कमी झाला. म्हणजे वजन उतरलं तर फायदा वाढतो. नाही उतरलं, तरी मेहनत वाया जात नाही.

दुसरा गैरसमज सडपातळ माणसांचा. "मी तर काटकुळा, मला कसली साखर?" इथं पुण्याच्या केईएम रुग्णालयातले डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांचं काम वाचण्यासारखं आहे. 2004 साली 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात त्यांनी स्वतःचा आणि ब्रिटिश सहकारी जॉन युडकिन यांचा फोटो शेजारी शेजारी छापला. दोघांचा बीएमआय, म्हणजे उंचीच्या मानाने वजन, तंतोतंत सारखा, 22.3. शरीरातली चरबी मात्र युडकिन यांची 9.1 टक्के आणि याज्ञिकांची 21.2 टक्के. पुण्याजवळच्या खेड्यांतली नवजात बाळंही त्यांच्या चमूने मोजली. इंग्लंडमधल्या बाळांचं सरासरी वजन साडेतीन किलो, आपल्याकडच्या बाळांचं 2.7, स्नायू कमी, पण त्वचेखालची चरबी जवळपास टिकून राहिलेली. हातपाय काड्या आणि पोट पुढं, असे लोक आपल्याकडे गल्लोगल्ली दिसतात, ते उगाच नाही. म्हणूनच भारतीयांसाठी बीएमआय 23 च्या पुढे जादा वजन आणि 25 पासून लठ्ठपणा धरतात. कंबर पुरुषांची 90 सेंटिमीटरपेक्षा, बायकांची 80 पेक्षा जास्त नसावी. मला विचाराल तर वजनकाट्याआधी शिंप्याची टेप आणा. नियमित व्यायामाने पोटातली, अवयवांभोवतीची चरबी घटते आणि ती कधी कधी वजन जागचं न हलताही घटते.

उलट्या टोकाचा समजही आहे: चाललं की काहीही खाता येतं. अर्ध्या तासाच्या चालण्यात साधारण 120 ते 150 कॅलरी खर्च होतात. मैदानाबाहेरच्या टपरीवर साखरेचा चहा आणि चार बिस्किटं घेतली की तेवढ्या परत येतात. वजन उतरवायचं असेल तर ताटाकडे बघावंच लागेल.

घामाचंही तसंच. मेमध्ये नांदेडचा पारा 42 च्या पुढे गेला की नुसतं बसूनही घाम निथळतो. त्यातून पाणी जातं, चरबी नाही. पोटाला घाम आणणारे पट्टे म्हणजे पैशाची नासाडी.

पहिलवान हरिश्चंद्र बिराजदारांच्या लातूर जिल्ह्यात आणखी एक बोलणं हमखास ऐकू येतं: "तालीम सोडली की पहिलवान सुटतो, म्हणून जोर-बैठका नकोच." स्नायूची चरबी कधीच होत नाही. तालीम सुटते, खुराक मात्र तसाच राहतो, म्हणून पोट सुटतं. खरं तर जोर, बैठका, वजन उचलणं हे साखरेसाठी चालण्याइतकंच मोलाचं आहे. जागतिक आरोग्य संघटना आठवड्यात किमान दोन दिवस असा ताकदीचा व्यायाम सांगते, बायकांनाही.

"शेतात राबतो, वेगळा व्यायाम कशाला?" ऊस तोडणाऱ्या बाईला व्यायामाचं प्रवचन द्यायची हिंमत कुणी करू नये. पण ज्यांच्या सोयाबीनची पेरणी ट्रॅक्टर करतो आणि मळणी यंत्र करतं, त्यांचे वर्षातले बरेच महिने बाजेवर किंवा मोटारसायकलवर जातात. लातूरच्या शिकवण्यांमधली मुलं तर दिवसभर बाकावर असतात. त्यांनी दर अर्ध्या-पाऊण तासाला उठावं. जेवणानंतर दहा-पंधरा मिनिटं चाललं तरी साखरेची उसळी कमी होते.

मधुमेह आहे त्यांच्यासाठी दोन गोष्टी महत्त्वाच्या. हिरवळीवर अनवाणी चालल्याने साखर उतरते, हा भ्रम सोडा. पायाची संवेदना कमी झाली असेल तर काटा रुतलेलाही कळत नाही आणि जखम चिघळते. बूट घाला, घरी आल्यावर तळपाय बघा. आणि चालायला लागलो म्हणून गोळी स्वतःहून बंद करू नका. इन्सुलिन किंवा ग्लिमेपिराइडसारखी गोळी घेणाऱ्यांची साखर व्यायामात एकदम खाली येऊ शकते. खिशात थोडी साखर ठेवा आणि डोस डॉक्टरांकडूनच ठरवून घ्या. छातीत दुखत असेल, धाप लागत असेल, तर आधी तपासणी.

व्यायामाचा साखरेवरचा परिणाम दोन-तीन दिवसांत ओसरतो, त्यामुळे रविवारी दहा किलोमीटर चालून आठवडा भरून निघत नाही. सलग दोन दिवसांपेक्षा जास्त खंड नको. तीन महिन्यांनी कंबर मोजा आणि सरासरी साखर सांगणारी एचबीए१सी तपासणी करून घ्या. तिशी ओलांडली असेल तर गावच्या आरोग्य उपकेंद्रात किंवा प्राथमिक आरोग्य केंद्रात साखर आणि रक्तदाब मोफत तपासतात. अजून तपासलं नसेल तर आधी ते करून या.