विश्लेषण : बॅन्जो आणि पंकची गट्टी कशी जमते?

ब्लूग्रासचा वेग आणि पंकचा आवेश एकत्र आणणारे बँड स्कॉटलंडमध्ये निघतात आणि बहुधा लवकरच विरून जातात. अमेरिकी डोंगराळ भागातले संगीत आणि शहरी तरुणांचा आरडाओरडा, यांचे जमते तरी कसे?

ब्लूग्रास स्कॉटिश आहे का?

काही अंशी. अठराव्या शतकात अल्स्टरमधले स्कॉटिश वंशाचे लोक मोठ्या संख्येने अमेरिकेत गेले आणि अ‍ॅपलेशियन डोंगरांत वसले. त्यांच्यासोबत फिडलच्या चाली आणि कथागीते गेली. केंटकीच्या बिल मन्रो यांनी १९३९ मध्ये ‘ब्लू ग्रास बॉइज’ उभा केला. संगीत प्रकाराला नाव त्यावरूनच मिळाले. मात्र ‘हे तर आमचेच संगीत’ हा स्कॉटिश अभिमान थोडा आवरता घ्यायला हवा. बॅन्जो आला आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्या लोकांकडून आणि मन्रो यांच्यावर अर्नोल्ड शुल्झ या कृष्णवर्णीय गिटारवादकाचा मोठा प्रभाव होता.

मग पंकशी नाते कसले?

ठेक्याचे. पारंपरिक ब्लूग्रासमध्ये ड्रम नसतात. चार मात्रांपैकी पहिल्या आणि तिसऱ्या मात्रेवर उभा बास बोलतो, तर दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर मँडोलिनचा तुटक, कोरडा आघात पडतो. पंकमध्ये नेमके हेच काम बास ड्रम आणि स्नेअर ड्रम करतात. लय द्रुत आणि गाणीही छोटी. ‘रमोन्स’च्या १९७६ च्या पहिल्या अल्बममध्ये १४ गाणी जेमतेम अर्ध्या तासात संपतात.

अडचण वेगळीच आहे. तीन कॉर्ड आले की बँड काढा, असे पंक सांगते. अर्ल स्क्रग्ज यांच्या तीन बोटांच्या शैलीत बॅन्जो वाजवायला मात्र वर्षानुवर्षांचा रियाज लागतो. पंकच्या बेफिकिरीने वाजवले तर ब्लूग्रास विस्कटते; फार सफाईने वाजवले तर पंक उरत नाही. टेक्सासच्या ‘बॅड लिव्हर्स’ने नव्वदच्या दशकात ही कसरत साधली, कारण डॅनी बार्न्स यांचा बॅन्जोवर पक्का हात होता.

हे बँड टिकत का नाहीत?

टिकाऊपणा या दोन्ही प्रकारांच्या मुळातच नाही. ब्लूग्रासचा साचा घडवणारा मन्रो, स्क्रग्ज आणि लेस्टर फ्लॅट यांचा संच डिसेंबर १९४५ ते १९४८ एवढाच टिकला. ‘सेक्स पिस्टल्स’ची मूळ कारकीर्द नोव्हेंबर १९७५ ते जानेवारी १९७८, म्हणजे सव्वादोन वर्षांची. एडिनबराचा ‘रेझिलोज’ १९७६ मध्ये सुरू झाला, १९७८ मध्ये पहिला अल्बम आला आणि त्याच वर्षी बँड फुटला. त्याचे गिटारवादक जो कॅलिस पुढे ‘ह्यूमन लीग’मध्ये गेले आणि १९८१ मध्ये त्यांच्या सहलेखनातले ‘डोन्ट यू वॉन्ट मी’ ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर पोहोचले. त्यात गिटारऐवजी सिंथेसायझर होते.