शब्द बदलले, लेख तोच

प्रेरणादायी उतारा घ्यायचा, त्यातल्या शब्दांच्या जागी समानार्थी शब्द बसवायचे आणि तो आपला म्हणून भाषणात किंवा सुविचाराच्या फळ्यावर द्यायचा, ही युक्ती आता सर्रास चालते. अशाने लेख नवा होत नाही, मूळ लेख मात्र बिघडतो. साधं वाक्य घ्या: ‘हिंमत धर, रोज थोडं पुढे सरक, वाट सापडेल.’ कोश उघडून बदललं की होतं: ‘साहस धर, प्रतिदिन किंचित अग्रेसर हो, मार्ग गवसेल.’ एकेक शब्द कोशाला धरून आहे, पण असं कुणी बोलत नाही. मराठीत हिंमत धरतात, साहस करतात. ‘सरक’मध्ये अडखळत का होईना, पुढे जाण्याची धडपड होती, अग्रेसर तर सगळ्यांच्या पुढे असतो. धीर द्यायला निघालेलं वाक्य शर्यत लावून बसतं.

बडोद्यात ही गफलत आणखी सहज होते, कारण इथल्या मराठी माणसाच्या कानावर गुजराती रोजचीच. गुजरातीत उद्योजकाला ‘उद्योगसाहसिक’ म्हणतात. तिथे साहसाला धंद्यातला मान आहे. मराठीत साहस म्हटलं की जिवावरची उडी आठवते. गोरव्याच्या आयटीआयमधून बाहेर पडून तिथल्याच बीआयडीसी औद्योगिक वसाहतीत छोटं वर्कशॉप टाकू पाहणाऱ्या मुलाला गुजराती उताऱ्यातलं ‘साहस’ तसंच मराठीत वाचायला दिलं, तर त्याला ते धोक्याची सूचना वाटेल. सयाजीराव गायकवाडांच्या राजवटीत बडोद्यात नेमका शब्द पारखण्याच्या कामाला केवढं महत्त्व होतं, ते १९३१च्या ‘श्रीसयाजीशासनशब्दकल्पतरु’ या कोशावरून कळतं. राज्यकारभारातल्या इंग्रजी संज्ञांसाठी गुजराती, मराठी, संस्कृत, हिंदी, उर्दू, फारसी आणि बंगाली पर्याय त्यात शेजारी शेजारी मांडले आहेत, म्हणजे पारखून योग्य तो निवडता यावा. कचेरीतल्या एका संज्ञेसाठी एवढी पारख लागते. माणसाला उभारी देणाऱ्या वाक्याला ती कमी कशी पुरेल?

कुणी म्हणेल, मुलांचा शब्दसंग्रह असाच वाढतो. वाढतो, आणि वर्गातला सराव म्हणून तो जरूर करावा. पण सराव संपल्यावर खाली आपलं नाव घालू नये. दुसरा आक्षेप वजनदार आहे: शब्द बदलण्याचा आग्रह थोरांनीही धरलाच होता. बडोद्यातच १८९४ साली जन्मलेल्या कवी माधव जूलियन यांनी फारसी शब्दांनी आपली कविता सजवली आणि पुढे भाषाशुद्धीची बाजू घेतली. त्यांचा ‘भाषाशुद्धि-विवेक’ १९३८चा. पण शब्द का बदलावा, हे ते उघडपणे मांडत होते. दुसऱ्याचं लेखन झाकायचा तो खटाटोप नव्हता. तिसरा आक्षेप, ‘कष्ट करा’ हा विचार कुणाच्या मालकीचा? कुणाच्याच नाही. आर. जी. आनंद यांच्या कॉपीराइटच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७८ साली हेच स्पष्ट केलं: कल्पनेवर हक्क नसतो, मांडणीवर असतो, आणि किरकोळ फरक करून झाकलेली नक्कल ही नक्कलच. समानार्थी शब्दांनी बदलतो तो वरचा मुलामा. वाक्यांचा क्रम, दृष्टांत, युक्तिवाद सारं जागच्या जागी राहतं.

विचार जर सर्वांचाच आहे, तर तो आपल्या डोळ्यांपुढच्या कामातून मांडायला कुणाची आडकाठी आहे? लेथवर जॉब लावणाऱ्या शिकाऊ मुलाला ‘यशाचं शिखर’ आणि ‘सफलतेचा कळस’ यांत काही फरक पडत नाही. माप किंचित चुकलं म्हणून जॉब बाद झाला, त्या दुपारी त्याला काय सांगावं, यावर चार ओळी लिहा. त्या कुठल्याही उताऱ्यात सापडणार नाहीत.