हुकूम आणि हुकमाची तामिली

न्यायासनाने उच्चारलेला हुकूम कागदावर उतरतो, त्यावर शिक्का बसतो, आणि ज्याच्या बाजूने तो झाला तो पक्षकार त्याची नक्कल जपून घरी नेतो. परंतु ती जमीन, ते निवृत्तिवेतन वा ती नेमणूक प्रत्यक्ष पदरात पडेपर्यंत त्याचा न्याय अर्धाच झालेला असतो, हे कोर्टकचेरीच्या पायऱ्या झिजविलेल्यांस सांगावयास नको.

हुकूम न पाळणे हाही न्यायालयाचा अवमानच, पण अवमान म्हटला की आपल्याकडे प्रथम आठवते ती लेखणी. लोकमान्यांना १९०८ च्या जुलैमध्ये शिक्षा झाल्यावर त्या खटल्याविषयी लिहिल्याबद्दल नरसिंह चिंतामण केळकरांना मुंबई उच्च न्यायालयाने कारावास व दंड दोन्ही ठोठावले, अहमदाबादच्या जिल्हा न्यायाधीशाचे पत्र ‘यंग इंडिया’त छापले म्हणून गांधीजी आणि महादेवभाई देसाई त्याच न्यायालयापुढे उभे राहिले, गांधीजींनी माफी मागण्यास नकार दिला, आणि मार्च १९२० मध्ये कडक समज देऊन प्रकरण मिटविण्यात आले. हा इतिहास तेजस्वी खराच. तथापि माझ्या मते टीकेने न्यायालयाची प्रतिष्ठा जितकी उणावते, त्याहून कितीतरी अधिक ती न पाळलेल्या हुकमाने उणावते.

१९७१ च्या कायद्याने दिवाणी अवमान म्हणजे न्यायालयाच्या हुकमाची वा त्यास दिलेल्या हमीची बुद्धिपुरस्सर अवज्ञा, अशी व्याख्या केली. ‘बुद्धिपुरस्सर’ या एका शब्दाच्या आडोशाला सारी दिरंगाई उभी राहते: फाइल वित्त विभागाकडे आहे, अधिकाऱ्याची बदली झाली, अपील करावयाचे आहे. वस्तुतः नुसत्या अपिलाने हुकमाला स्थगिती मिळत नाही. आणि तरीही अवमान याचिकेची नोटीस हाती पडताच जी तामिली वर्षानुवर्षे अशक्य होती ती आठवड्यात उरकते, सोबत विनाशर्त माफीचे प्रतिज्ञापत्र येते आणि प्रकरण निकालात निघते.

ही वहिवाट एकदा महाराष्ट्रापुरती मोडली. वनसंरक्षणाच्या गोदावर्मन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने लाकूडकटाईच्या गिरण्यांवर निर्बंध घातले असतानाही राज्याच्या वन खात्याने काही गिरण्यांना परवानगी दिली. तेव्हा मे २००६ मध्ये तत्कालीन वनमंत्री स्वरूपसिंह नाईक आणि त्या खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत या दोघांनाही एक महिन्याची कैद झाली. त्यांची माफी न्यायालयाने स्वीकारली नाही. हुकूम सर्वांस सारखाच बांधतो, हे त्या दिवशी मंत्रालयातल्या शिपायापासून सचिवापर्यंत सर्वांना कळले असेल.

परंतु असे दिवस विरळा. अवमानाला कमाल शिक्षा सहा महिने साधी कैद, किंवा दोन हजार रुपये दंड, किंवा दोन्ही. आणि दंडाचा हा आकडा १९७१ पासून तसाच आहे. ज्याला शिक्षा होते त्याला अपिलाचा हक्क आहे, पण ज्याची याचिका फेटाळली जाते त्या सामान्य अर्जदाराला या कायद्याखाली तो नाही, ही विषमता संसदेने दूर केली पाहिजे. कनिष्ठ न्यायालयाचा मनाई हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त करण्याची व त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवण्याची तरतूद आहे. ती वापरणारे वकील मात्र थोडे.

अवमान घडल्यापासून एक वर्ष उलटले की न्यायालय कारवाई सुरू करू शकत नाही. ज्या वाचकाच्या कपाटात असा न पाळलेला हुकूम पडून असेल, त्याने आज नक्कल काढून तिच्यावरची तारीख पाहावी.