हिंदुराव आणि दिगू
जत्रेतल्या तंबूत ज्यांनी सिनेमे पाहिलेत त्यांना आठवत असेल, पडद्यावर निळू फुले आले की बायकांच्या बाजूने बोटं मोडली जायची. आमच्या गल्लीतली एक आजी ‘मुडदा बशिवला तुझा’ म्हणत पदर तोंडाशी धरायची आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा त्याच खेळाला जायची. माझं निळूभाऊंचं वेड तिथलंच.

बाकीचा तपशील झटपट सांगतो. बालपणापासून राष्ट्र सेवा दलाचा संस्कार. पुण्याच्या सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयात माळ्याची नोकरी. सेवादलाच्या कलापथकात काम, मग ‘कथा अकलेच्या कांद्याची’ हे लोकनाट्य. आणि 1968 साली अनंत मान्यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’तला झेलेअण्णा. तिथून पुढे मराठी पडद्याला चार दशकं पुरेल असा पाटील, सरपंच, सावकार मिळाला.

मला बोलायचंय ते ‘सामना’बद्दल. 1975 सालचा हा सिनेमा. लेखक विजय तेंडुलकर, दिग्दर्शक जब्बार पटेल, निर्माते रामदास फुटाणे. साखर कारखान्याचा सर्वेसर्वा हिंदुराव धोंडे पाटील आणि त्याच्या आसऱ्याला आलेला दारुडा मास्तर, म्हणजे डॉ. श्रीराम लागू. हिंदुराव मास्तरला खाऊपिऊ घालतो, समोर बसवून दारू पाजतो, कौतुकाने आपलं साम्राज्य दाखवतो. मास्तर मात्र नाहीशा झालेल्या मारुती कांबळेचं काय झालं, एवढंच विचारत राहतो. त्या प्रश्नावर निळूभाऊंचा चेहरा बघा. मान जराशी तिरकी, पापण्या अर्ध्या मिटलेल्या, ओठांवर यजमानाचं हसू तसंच. फक्त डोळ्यांतला पाहुणचार संपलेला. आवाज चढत नाही. ज्याच्या शब्दावर अख्खा तालुका हलतो, त्याला ओरडायची गरजच काय! सत्तेची ही नेमकी नस त्यांना सापडली होती. माझं मत असं, की ती सापडली सेवादलामुळे. गावच्या पुढाऱ्यांची खिल्ली उडवणारी वगनाट्यं करत हा माणूस महाराष्ट्र फिरला होता. पुढारी कसा बसतो, कसा थांबतो, कुणाकडे बघायचं टाळतो, हे त्याने विरोधकाच्या नजरेने टिपलेलं होतं.

आता चारच वर्षांनी आलेला ‘सिंहासन’ घ्या. अरुण साधूंच्या कादंबऱ्या, पुन्हा तेंडुलकर, पुन्हा जब्बार. यात निळूभाऊ पत्रकार दिगू टिपणीस. मुख्यमंत्री अरुण सरनाईक, अर्थमंत्री लागू, आणि या दोघांच्या मधे सगळं बघणारा, सगळं कळणारा, काहीच करू न शकणारा दिगू. हिंदुरावाचे खांदे कुठे गेले, असा प्रश्न पडतो. तोच देह, पण आतून हवा काढून घेतल्यासारखा. शेवटी दिगू वेडा होऊन हसत सुटतो, ते हसू मला आजही सहन होत नाही.

रंगभूमीवर त्यांनी याआधीच मोठी झेप घेतली होती. 1972 चं ‘सखाराम बाइंडर’, दिग्दर्शक कमलाकर सारंग. नवऱ्यांनी टाकलेल्या बायका घरी आणून ठेवणारा, शिवराळ, मृदंग वाजवणारा सखाराम निळूभाऊंनी उभा केला. समोर लालन सारंगांची चंपा. नाटकावर सेन्सॉरचं गंडांतर आलं, प्रकरण कोर्टात गेलं. लोकनाट्यातला नट तेंडुलकरांच्या नाटकाचा नायक होतो, हे त्या काळच्या नाट्यसृष्टीला सहज पचणारं नव्हतं.

‘सामना’नंतर मराठी सिनेमाने मात्र त्यांना तोच टोपीवाला पाटील शंभरदा रंगवायला लावला, याची मला मनापासून चीड आहे. हिंदीनेही ‘सारांश’मधल्या पुढाऱ्यासारख्या भूमिकेत हाच बाज वापरला. पडद्यावर गावाला नाडणारे निळूभाऊ प्रत्यक्षात अंधश्रद्धा निर्मूलनासाठी हिंडत होते. लागूंच्या बरोबरीने, कार्यकर्त्यांना मानधन देणाऱ्या सामाजिक कृतज्ञता निधीसाठी राबत होते. 13 जुलै 2009 रोजी पुण्यात ते गेले.

नव्या मुलांना ते फक्त मिमिक्रीतल्या घोगऱ्या आवाजापुरते ठाऊक आहेत. त्यांनी एका रात्री ‘सामना’ आणि दुसऱ्या रात्री ‘सिंहासन’ पाहावा, याच क्रमाने.