शिळ्या बनाची रात्रभर भिजवलेली न्याहारी

छत्तीसगडात रात्रीचा भात पाण्यात बुडवून सकाळी कांद्याबरोबर खाण्याच्या प्रकाराला बासी म्हणतात आणि २०२२ साली राज्य सरकारने १ मे या कामगार दिनी ‘बोरे-बासी’ खाण्याचे आवाहन केल्याने त्या साध्या अन्नाला सरकारी मानही मिळाला. भिलाईसारख्या, पोलाद कारखान्याच्या पाळ्यांवर चालणाऱ्या शहरात रात्रीच तयारी करण्याचे हेच तत्त्व बेकरीच्या उरलेल्या बनांना सहज लावता येते. बन रात्रभर दूध-अंड्यांत भिजवून सकाळी भाजलेल्या अशा पदार्थाला पाश्चात्त्य देशांत कॅसरोल म्हणतात, ते ज्या खोलगट भांड्यात तो भाजतात त्यावरून. मराठी घरांत मात्र कॅसरोल म्हणजे पोळ्यांचा डबा.

या न्याहारीसाठी ताजा बन कुचकामी ठरतो. पाव शिळा होताना त्यातील स्टार्च, म्हणजे पिठातील पिष्टमय द्रव्य, पुन्हा स्फटिकरूप घेऊन ताठरते, त्यामुळे असा तुकडा दूध शोषूनही लगदा होत नाही. सहा बनांचे तुकडे लोणी लावलेल्या भांड्यात रचून त्यांवर अर्धा लिटर दूध, तीन अंडी, अर्धी वाटी साखर आणि वेलची यांचे फेटलेले मिश्रण ओतावे व वर तरंगणारे तुकडे चमच्याने दाबावेत. बासी बाहेर आंबू देतात. येथे कच्चे अंडे असल्याने भांडे झाकून फ्रिजमध्येच ठेवावे लागते, भिलाईच्या उन्हाळ्यात तर निश्चितच. सकाळी १८० अंश सेल्सियसला सुमारे ४० मिनिटे भाजल्यावर अंड्यातील प्रथिने गोठतात आणि मध्यभागी खुपसलेली सुरी कोरडी निघते.